डबल क्लिक केलं आणि पुढे काहीच नाही: गेम सुरू होत नसेल तर कुठे बघायचं?

ज्यांना लॅपटॉप समोर ठेवून एकेक स्टेप करायची आहे, त्यांच्यासाठी हे आजच्या भागाचं लिखित रूप. बोलताना झालेलं "अं... म्हणजे..." काढून टाकलंय, बाकी सगळं तसंच आहे. वेळा दिल्यात, म्हणजे ऐकताना थेट त्या जागी जाता येईल.

००:०० – तक्रार एक, आजार अनेक

चित्र ओळखीचं आहे. आयकॉनवर डबल क्लिक केलं. कर्सरशेजारी निळं चक्र दोन सेकंद फिरलं आणि थांबलं. स्टीमवर हिरव्या बटणाचं निळं झालं आणि परत हिरवं. एरर नाही, विंडो नाही, आवाज नाही. जणू आपण क्लिक केलंच नव्हतं.

मग आपण काय करतो? गेम अनइन्स्टॉल करतो आणि होस्टेलच्या वायफायवर पुन्हा ६० जीबी डाउनलोडला लावतो. सकाळी उठून बघतो तर तेच. मग यूट्यूबवर कोणीतरी सांगतं, अँटिव्हायरस बंद कर. दुसरा सांगतो, ही डीएलएल फाइल या साइटवरून घे. शेवटी रूममेट म्हणतो, "सोड ना, विंडोजच मार नव्याने!"

आणि त्या लॅपटॉपवर नुसती गेम नसते. सबमिशन असतं, प्रोजेक्टचा रिपोर्ट असतो, घरचे फोटो असतात, प्लेसमेंटसाठी बनवलेला रेझ्युमे असतो. एका गेमपायी हे सगळं पणाला लावायचं काही कारण नाही.

माझं रोजचं काम सॉफ्टवेअरचं आहे. "आमच्याकडे चालतंय, त्यांच्याकडे का चालत नाही?" हे शोधण्यात दिवसाचा बराच वेळ जातो. तीच पद्धत आज गेमला लावू.

मुद्दा एकच आहे. "गेम सुरू होत नाही" हे निदान नाही, ते "पोट दुखतंय" म्हणण्यासारखं आहे. डॉक्टर लगेच ऑपरेशन करत नाहीत. कुठे दुखतंय, कधीपासून, काल काय खाल्लं, हे आधी विचारतात. गेमचंही तसंच. ती नेमकी कुठपर्यंत पोहोचली आणि कुठे थांबली, हे कळलं की अर्धं काम झालं. आणि हे बऱ्याचदा फुकट आणि दहा मिनिटांत कळतं.

०२:१० – फोनवर हे का होत नाही?

तुमच्यापैकी बरेच जण हा भाग फोनवर ऐकताय, आणि गेमिंगची सुरुवातही फोनवरच झालेली असणार. म्हणून हा प्रश्न आधी घेऊ.

प्ले स्टोअर गेम देण्याआधीच तुमचं मॉडेल आणि अँड्रॉइडची आवृत्ती तपासतं. जमत नसेल तर इन्स्टॉलचं बटणच देत नाही. शिवाय अँड्रॉइड ॲप आपल्याला लागणाऱ्या बहुतेक लायब्ररी स्वतःच्या पिशवीत घालून आणतं. डबा घरूनच भरून आणल्यासारखं.

पीसीवर तसं नसतं. मदरबोर्ड एकाचा, ग्राफिक्स कार्ड दुसऱ्याचं, ड्रायव्हर तिसऱ्या आवृत्तीचा, विंडोज चौथ्या अपडेटवर. इथे गेम डबा आणत नाही, मेसवर जेवते. मेसमध्ये चपात्या नसल्या तर गेम उपाशी. म्हणूनच एकच गेम तुमच्याकडे पडते आणि शेजारच्या खोलीत मस्त चालते. गेम तीच असते, मेस वेगळी असते.

०३:४० – पुण्यातल्या गेमवरून समजून घेऊ

उदाहरणाला आपल्या गावातलीच गेम घेऊ. 'राजी: ॲन एन्शंट एपिक'. ही पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या स्टुडिओने बनवली. २०१७ मध्ये त्यांनी किकस्टार्टरवर लोकांकडून पैसे उभे करून बघितले, पण रक्कम जमली नाही. तरी टीमने गेम सोडली नाही. ऑगस्ट २०२० मध्ये ती निन्टेंडो स्विचवर आली आणि ऑक्टोबर २०२० मध्ये पीसीवर. त्याच वर्षी 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये पदार्पणाच्या गेमसाठीच्या विभागात तिला नामांकन मिळालं. राजी नावाची मुलगी आपल्या भावाला सोडवायला निघते आणि दुर्गा आणि विष्णू ती गोष्ट सांगतात.

'राजी' बिघडलेली आहे म्हणून मी ती निवडलेली नाही. ती अनरिअल इंजिन ४ वर बनलीय आणि जगातल्या कितीतरी गेम्स याच इंजिनवर आहेत. त्यामुळे क्लिकपासून मेन्यू दिसेपर्यंत 'राजी' ज्या वाटेने जाते, साधारण त्याच वाटेने तुमची गेमही जाते. त्या वाटेवर सहा नाके आहेत.

पहिला नाका लाँचरचा, म्हणजे स्टीम किंवा एपिक. दुसरा विंडोजच्या लोडरचा. तिसरा पहारेकऱ्यांचा: अँटिव्हायरस आणि अँटिचीट. चौथा ग्राफिक्स कार्डाचा. पाचवा फोल्डरचा, जिथे सेटिंग आणि सेव्ह लिहिले जातात. सहावा शेडरचा, जिथे चित्रं काढायचे छोटे प्रोग्रॅम तुमच्या कार्डासाठी तयार होतात.

आता मोबाइलवर स्टॉपवॉच लावा आणि गेम सुरू करा. क्लिक करताच चौकोनी मेसेज आला तर दुसरा नाका. क्लिक करताच गुपचूप गायब झाली तर पहिला किंवा तिसरा. काळी विंडो येऊन दोन-पाच सेकंदांत गेली तर चौथा. लोगो दिसला आणि मग पडली तर पाचवा किंवा सहावा. हा काही पक्का नियम नाही, पण शोध कुठून सुरू करायचा हे त्यावरून ठरतं.

०५:५० – नाक्यांआधी दोन मिनिटांचं काम

टास्क मॅनेजर उघडा आणि गेमचं नाव यादीत आहे का बघा. बऱ्याचदा आधीच्या वेळची गेम पडद्यामागे अडकून बसलेली असते आणि म्हणूनच नवी सुरू होत नाही. तिला 'एंड टास्क' करा.

मग लॅपटॉप रीस्टार्ट करा. शट डाउन नको, रीस्टार्टच. विंडोजमध्ये फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शट डाउन करताना ड्रायव्हर आणि गाभ्याची स्थिती डिस्कवर जपून ठेवली जाते आणि सकाळी तीच परत उघडते. म्हणजे कालचा गोंधळ आज जसाच्या तसा. रीस्टार्टमध्ये मात्र सगळं नव्याने उभं राहतं. "बंद करून चालू कर" हा सल्ला बरोबर आहे, फक्त बटण दुसरं आहे.

०६:४० – पहिला आणि दुसरा नाका: फाइल्स आणि डीएलएल

अपडेट चालू असताना लाइट गेली, बॅटरी संपली, की एखादी फाइल अर्धवट राहते. त्यासाठी ६० जीबी पुन्हा उतरवायची गरज नाही. स्टीममध्ये गेमवर राइट क्लिक करा, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे 'व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स'. प्रत्येक फाइल मूळ यादीशी ताडून बघितली जाते आणि खराब तेवढंच पुन्हा डाउनलोड होतं. एपिकमध्येही 'व्हेरिफाय' आहे.

आता डीएलएल. गेमची एक्झी फाइल सुरू होताच विंडोजला एक यादी देते: मला या या डीएलएल हव्यात. लोडर एकेक शोधतो. एक जरी मिळाली नाही तर गेमच्या स्वतःच्या कोडची पहिली ओळसुद्धा चालत नाही. म्हणून तिथे दिसणारा मेसेज गेमचा नसतो, विंडोजचा असतो. "व्हीसीरनटाइम१४० डॉट डीएलएल सापडली नाही" हा त्यातला सगळ्यात प्रसिद्ध.

ही फाइल मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' या संचातली आहे. अनरिअलच्या गेम्ससोबत हा संच बसवणारा छोटा इन्स्टॉलर येतो आणि स्टीम तो पहिल्यांदा गेम उघडताना चालवतं. त्या वेळी विंडोज परवानगी विचारतं. घाईत 'नो' दाबलं की संच बसत नाही, आणि गेम पुढे कायम कुरकुरत राहते.

उपाय सरळ आहे. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून तो संच घ्या आणि एक्स८६ व एक्स६४ असे दोन्ही बसवा. तुमचं विंडोज ६४ बिटचं असलं तरी काही गेम्स किंवा त्यांचे लाँचर ३२ बिटचे असतात. त्यांना त्यांच्या मापाची डीएलएल लागते.

आणि इथेच त्या "डीएलएल डाउनलोड" साइट्सचा सापळा आहे. समजा तिथून फाइल आणली आणि सिस्टिम३२ मध्ये टाकली. गंमत अशी की ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फाइल्स असतात आणि ३२ बिटच्या असतात सिसवाव६४ मध्ये. नावं अगदी उलटी! जुन्या प्रोग्रॅम्ससाठी ती तशीच ठेवलीत. मग चुकीच्या मापाची डीएलएल चुकीच्या जागी पडते आणि शेवटी '७बी' असलेला एरर कोड येतो. त्याचा अर्थ बहुतेक वेळा हाच असतो: ३२ आणि ६४ ची सरमिसळ. शिवाय अनोळखी माणसाने दिलेली डीएलएल म्हणजे तुमच्या खात्याच्या अधिकारांनिशी चालणारा अनोळखी कोड. रस्त्यावर सापडलेली किल्ली स्वतःच्या कुलपात घालून बघण्यासारखं आहे ते.

०९:२० – तिसरा नाका: पहारेकरी

विंडोज सिक्युरिटीमध्ये 'प्रोटेक्शन हिस्टरी' बघा. गेमची फाइल संशयावरून बाजूला काढली असेल तर तिथे नोंद सापडेल. गेम अधिकृत असेल तर तेवढी फाइल परत आणा आणि त्या फोल्डरपुरती सूट द्या. अख्खा अँटिव्हायरस बंद करायची वेळ येत नाही.

क्रॅक केलेली गेम असेल तर मात्र माझा हात जोडून नमस्कार. पैशांचा आणि कायद्याचा मुद्दा आहेच, पण तांत्रिक अडचण अशी की तिची एक्झीच कोणीतरी बदललेली असते. मूळ काय आणि बदल कुठला हेच माहीत नसेल तर निदान कशाच्या आधारावर करायचं?

अँटिचीटचं प्रकरण वेगळं. व्हॅलोरंटचं व्हॅनगार्ड विंडोज ११ वर टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट मागतं. व्हॅन ९००१ किंवा ९००३ असा कोड आला तर गेममध्ये शोधू नका, उत्तर बायोसच्या सेटिंगमध्ये आहे. पण थांबा. बायोसला हात लावण्याआधी बिटलॉकर चालू आहे का ते तपासा आणि त्याची रिकव्हरी की मायक्रोसॉफ्ट खात्यातून लिहून घ्या, फोनमध्ये नाही तर वहीत. ही सेटिंग बदलली की विंडोज ती की मागू शकतं, आणि की नसेल तर सगळा डेटा कुलूपबंद. जुन्या लेगसी पद्धतीने बसवलेलं विंडोज सिक्युअर बूटसाठी मोड बदलला तर उघडतच नाही, हेही लक्षात ठेवा.

एवढी काळजी का? कारण असे पहारेकरी विंडोजच्या गाभ्यात बसतात आणि तिथली चूक अख्खी मशीन पाडते. १९ जुलै २०२४ आठवतोय? क्राउडस्ट्राइकच्या एका सदोष अपडेटने मायक्रोसॉफ्टच्या अंदाजानुसार ८५ लाख विंडोज मशीन्स पडल्या. आपल्याकडे विमानतळांवर हाताने बोर्डिंग पास लिहिले गेले. ते सुरक्षेचं सॉफ्टवेअर होतं, गेमचं नव्हतं, पण बसायची जागा तीच.

११:३० – चौथा नाका: ग्राफिक्स

बऱ्याच गेमिंग लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतात. एक प्रोसेसरमधलं, बॅटरी वाचवणारं. दुसरं एनव्हिडिया किंवा एएमडीचं, ज्यासाठी आपण जादा पैसे मोजले. कधीकधी गेम पहिल्याच दारात जाऊन उभी राहते. सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स इथे जा, गेमची एक्झी निवडा आणि 'हाय परफॉर्मन्स' करा.

मग डिव्हाइस मॅनेजरमध्ये 'डिस्प्ले अडॅप्टर्स' उघडा. तिथे 'मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर' दिसत असेल तर तुमच्या कार्डाचा ड्रायव्हर बसलेलाच नाही. विंडोज कामचलाऊ ड्रायव्हरवर चाललंय. कार्ड बनवणाऱ्या कंपनीच्या साइटवरून ड्रायव्हर घ्या.

अनरिअलच्या गेम्समध्ये "डीएक्स११ फीचर लेव्हल १०.० इज रिक्वायर्ड" अशा अर्थाचा मेसेज येतो. इथे सगळे फसतात. रनमध्ये 'डीएक्सडायग' टाइप केलं की पहिल्याच पानावर 'डायरेक्टएक्स १२' लिहिलेलं दिसतं. मग माणूस म्हणतो, माझ्याकडे तर १२ आहे, हे ११ का मागतंय? कारण पहिल्या पानावरचा आकडा विंडोजचा आहे. तुमचं कार्ड काय करू शकतं ते 'डिस्प्ले' टॅबमध्ये 'फीचर लेव्हल्स'समोर लिहिलेलं असतं. तो आकडा बघा, आणि मगच तपकीर गल्लीत सेकंडहँड कार्ड शोधायला निघा.

१३:०० – पाचवा नाका: फोल्डर, आणि आपली देवनागरी

सगळी गेम ठीक, पण तिला लिहायलाच जागा मिळत नाही, असं होतं. डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हने स्वतःकडे हलवलेलं असतं, किंवा विंडोज सिक्युरिटीतलं 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' चालू असतं आणि ते अनोळखी प्रोग्रॅमला तिथे लिहू देत नाही. गेम सेटिंगची फाइल लिहायला जाते, नकार मिळतो, ती पडते.

कधी सेटिंगची फाइलच खराब असते. २००३ मध्ये पीसीवर आलेली व्हाइस सिटी आजही अनेकांच्या लॅपटॉपवर आहे. ती उघडताच पडत असेल तर डॉक्युमेंट्समधल्या तिच्या 'यूजर फाइल्स' फोल्डरातली 'जीटीए अंडरस्कोर व्हीसी डॉट सेट' ही फाइल बाजूला काढून बघा. गेम ती नव्याने बनवते. सेव्ह वेगळ्या फाइल्समध्ये असतात, तरी आधी अख्ख्या फोल्डरची कॉपी करून ठेवा.

आता खास आपला प्रश्न. हा इंग्रजी व्हिडिओंमध्ये सहसा सापडत नाही.

समजा लॅपटॉप सेट करताना तुम्ही हौसेने खात्याचं नाव देवनागरीत लिहिलं. लोकल खातं असेल तर सी ड्राइव्हवर यूजर्समध्ये त्याच नावाचा फोल्डर बनतो. किंवा डी ड्राइव्हवर 'खेळ' नावाचा फोल्डर करून गेम तिथे बसवली. विंडोजला त्यात काहीच अडचण नाही. पण काही गेम्स, विशेषतः जुन्या, फाइलचा पत्ता युनिकोडमध्ये न लिहिता जुन्या 'कोड पेज' पद्धतीने लिहितात. त्या पद्धतीत प्रत्येक भाषेला मर्यादित अक्षरांचा तक्ता असायचा. युरोपच्या भाषांना होता, रशियनला होता, जपानीला होता. मराठी आणि हिंदी विंडोजमध्ये आल्या त्या थेट युनिकोडमधून, त्यांच्यासाठी विंडोजने असा तक्ता दिलाच नाही.

मग होतं काय? गेम तुमच्या फोल्डरचा पत्ता मागते, देवनागरी अक्षरं तक्त्यात बसत नाहीत, आणि त्यांच्या जागी प्रश्नचिन्हं येतात. विंडोजमध्ये फोल्डरच्या नावात प्रश्नचिन्ह चालतच नाही. म्हणजे पत्ता अस्तित्वातच नसलेल्या जागेचा. पोस्टमनला कोऱ्या पाटीचं घर शोधायला पाठवल्यासारखं. गेम बिचारी एरर न देता परत फिरते.

कंट्रोल पॅनेलमधून खात्याचं नाव बदलून उपयोग नाही, कारण फोल्डरचं नाव जुनंच राहतं. एक नवं खातं रोमन लिपीतल्या साध्या नावाने बनवा, स्पेस न देता, आणि गेम तिथून सुरू करून बघा. चालली तर दोष तुमच्या जुन्या खात्यातल्या कशात तरी आहे: नाव, सेटिंग किंवा परवानगी. नाही चालली तर दोष मशीनमध्ये किंवा गेममध्ये. या एका चाचणीने अर्धा शोध संपतो, आणि तुमचं मूळ खातं, त्यातल्या फाइल्स जिथल्या तिथे राहतात.

देवनागरीत नाव लिहिणं चूक नाही, हे आवर्जून सांगतो. चूक त्या गेमच्या कोडमध्ये आहे. तुमच्यापैकी जे उद्या गेम्स किंवा ॲप्स बनवणार आहेत त्यांनी आपला प्रोग्रॅम मराठी नावाच्या फोल्डरमधून एकदा चालवून बघायचाच. पाच मिनिटांची चाचणी आहे.

१६:०० – सहावा नाका: मेसेज एक, दोष भलताच

आता एक गोष्ट जिने जगभरच्या लोकांना महिनोन् महिने चकवलं. अनेक जणांच्या अनरिअल इंजिनवरच्या गेम्स सुरू होताना, शेडर तयार होत असताना पडायच्या. मेसेज यायचा: व्हिडिओ मेमरी संपली. लोकांनी ड्रायव्हर बदलले, गेम पुन्हा बसवली, काहींनी ग्राफिक्स कार्डावरच संशय घेतला. पण त्यांच्याकडे व्हिडिओ मेमरी भरपूर होती.

दोष निघाला प्रोसेसरमध्ये. इंटेलच्या १३ व्या आणि १४ व्या पिढीच्या काही डेस्कटॉप चिप्सना गरजेपेक्षा जास्त व्होल्टेज मिळत होतं आणि त्या हळूहळू अस्थिर होत होत्या. शेडर उलगडताना प्रोसेसरवर जोरदार भार येतो. चिप तिथे गणितात चुकायची आणि गेम त्या चुकीचा अर्थ "मेमरी संपली" असा लावायची. २०२४ च्या जुलैमध्ये इंटेलने हे मान्य केलं, ऑगस्टपासून मायक्रोकोडचे अपडेट दिले आणि या चिप्सची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. तुमच्या डेस्कटॉपमध्ये यातली चिप असेल तर बायोस अपडेट झालाय का ते बघा. अपडेट पुढचं नुकसान टाळतो, पण आधीच खराब झालेली चिप त्याने बरी होत नाही. तिथे वॉरंटीच कामाला येते.

यातून घ्यायचं ते एवढंच: मेसेज ही साक्ष आहे, निकाल नाही. साक्षीदाराला जेवढं दिसलं तेवढंच तो सांगतो.

१७:२० – आणखी एक साक्षीदार

मेसेज नसेल तर स्टार्ट मेन्यूत 'रिलायबिलिटी' टाइप करा आणि 'व्ह्यू रिलायबिलिटी हिस्टरी' उघडा. तारखांचा तक्ता येईल. आजच्या तारखेखाली लाल फुली असेल तर तिच्यावर क्लिक करून तपशील वाचा. दोन गोष्टी टिपून घ्या: 'फॉल्ट मॉड्यूल नेम' आणि 'एक्सेप्शन कोड'. मॉड्यूल ग्राफिक्स ड्रायव्हरचं असेल तर चौथ्या नाक्यावर जा. कोडच्या शेवटी '१डी' असेल तर प्रोसेसरला एखादी सूचना समजलीच नाही असा अर्थ. काही गेम्सना लागणारी एव्हीएक्स ही सोय इंटेलच्या अनेक जुन्या पेंटियम आणि सेलेरॉन चिप्समध्ये नाही. तिथे कितीही इन्स्टॉल करा, उपयोग नाही.

गेम स्वतःही डायरी लिहिते. अनरिअलच्या बहुतेक गेम्सची डायरी ॲपडेटाच्या 'लोकल' फोल्डरात गेमच्या नावाखाली 'सेव्ह्ड' आणि 'लॉग्ज'मध्ये असते. युनिटीच्या गेम्सची 'लोकललो'मध्ये 'प्लेयर डॉट लॉग' या नावाने. फाइल नोटपॅडमध्ये उघडा आणि शेवटच्या वीस ओळी वाचा. सगळं कळायची गरज नाही. शेवटचं काय करत होती एवढं कळलं तरी पुरे.

१८:३० – पैसे आणि घड्याळ

शेवटचा, पण खिशाचा मुद्दा. स्टीमवर गेम घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि खेळण्याची वेळ दोन तासांहून कमी असेल तर रिफंड मागता येतो. गेम 'रनिंग' दिसत असताना ही वेळ मोजली जाते. म्हणजे गेम काळ्या पडद्यावर अडकलेली असताना तुम्ही जेवायला गेलात तर घड्याळ चालूच. अडकली की लगेच एंड टास्क करा. नाके तपासूनही नाही जमलं तर रिफंड घ्या, त्यात हार वगैरे काही नाही. आणि पुढच्या वेळी विकत घेण्याआधी 'मिनिमम रिक्वायरमेंट्स' आपल्या मशीनशी ताडून बघा.

दोन सवयी लावून घ्या. एका वेळी एकच बदल करायचा आणि लगेच गेम उघडून बघायची. पाच बदल एकदम केले आणि गेम चालली, तर कशाने चालली ते कळत नाही, आणि उरलेले चार बदल विनाकारण तसेच राहतात. आणि केलेलं सगळं वहीत लिहायचं.

मदत मागायची असेल तर "भाई, गेम चालत नाही" एवढंच पाठवू नका. गेमचं नाव आणि ती कुठून घेतली, विंडोजची आवृत्ती, प्रोसेसर आणि ग्राफिक्स कार्ड, किती सेकंदांनी काय दिसलं, एररचा फोटो, आणि आत्तापर्यंत काय करून बघितलं, हे लिहा. निम्म्या वेळा हे लिहितानाच उत्तर सापडतं.

पुढच्या भागात गेम सुरू होते पण अडखळत चालते, त्याबद्दल बोलू. तोवर लॅपटॉप फॉरमॅट करू नका!